भूत आणि शोभा

इजिप्तमधल्या राजांच्या दरीत थडग्याच्या भिंती रंगवून झाल्या, राजा आत निजला, की दार बुजवून टाकत. त्या चित्रांना प्रेक्षक नव्हताच. आत मेलेला होता, देव होते, रात्रीचा बारा तासांचा प्रवास होता. बघायला कोणी आलं तर तो चोर. सिनेमा मात्र प्रेक्षकाशिवाय क्षणभरही जगत नाही. त्यामुळे इजिप्तशी त्याची गाठ पडली तेव्हा तो चोराच्याच जागी उभा राहिला. फ्रेंच दिग्दर्शक मेलिएसने १८९९ मध्ये क्लिओपात्राचं थडगं उघडलं, आणि तेव्हापासून पडद्यावरचा इजिप्त बहुतेक वेळा दार फोडूनच सुरू होतो.

डहाणू-तलासरीच्या वारली घरात लग्नाला भिंतीवर चौक लिहितात. शेणामातीने सारवून गेरू दिलेली भिंत, तांदळाचं पीठ, टोक चघळून मऊ केलेली बांबूची काडी. हात सवासिनींचे, गाणं लग्न लावणाऱ्या धवलेरीचं. मधे पालघाट देवी; आजूबाजूला सूर्य, चंद्र, फणी, शिडी, घोडा. चौकाशिवाय लग्न लागत नाही आणि लग्न लागलं की चौकाचं काम संपतं. मग चुलीचा धूर चढतो, पावसाळ्यात भिंत ओल धरते, पुढच्या वेळी त्यावर पुन्हा शेणाचा हात फिरतो. हळहळ कोणाला वाटत नाही. उरकलेल्या कामाचं काय जपायचं?

एकाने चित्र अनंतकाळ टिकावं म्हणून दगडात कोंडलं, दुसऱ्याने ते खुशाल विरू दिलं. दोन्हीकडे चित्र कामावर होतं. दिसणं हे त्याचं काम नव्हतं.

काम सुटलेल्या प्रतीकाला सिनेमात दोनच नोकऱ्या आहेत. भूत व्हायचं, नाहीतर शोभा. इजिप्तला पहिली मिळाली, वारल्यांना दुसरी.

भुताची नोकरी कशी असते ते इमहोतेपला विचारावं. सक्काऱ्याचा पायऱ्यांचा पिरॅमिड त्याच्या नावावर आहे. पुढे लोकांनी त्याला रोग बरे करणारा देव मानलं. १९३२ मध्ये कार्ल फ्रॉइंडच्या ‘द ममी’ने त्याचं नाव बोरिस कार्लोफच्या सुरकुत्यांना दिलं, १९९९ मध्ये त्याच नावाने वाळूची वादळं उठली. वैद्याचा राक्षस करायला दोन सिनेमे पुरले. शेणाचा गोळा ढकलणारा किडा म्हणजे रोज नव्याने जन्मणारा सूर्य. त्याला माणसं खायला लावलं. देव अनुबिस मेलेल्याचा हात धरून त्याला तराजूपर्यंत नेणारा, त्याच्यासारख्या कुत्र्याच्या तोंडाच्या सैनिकांची फौज उभी केली. मेलेल्यांना धीर देण्यासाठी जे जे होतं, त्याने जिवंतांना घाबरवायचं ठरलं. तिकीट शेवटी जिवंत माणूसच काढतो.

गंमत अशी की हॉलिवुडमधलं ‘इजिप्शियन’ थिएटर ऑक्टोबर १९२२ मध्ये उघडलं आणि तुतनखामेनच्या थडग्याची पायरी सापडली ४ नोव्हेंबरला. सजावट आधी तयार होती, मढं नंतर मिळालं.

शोभेच्या नोकरीत असा गाजावाजा नाही. पडद्यावर ‘आदिवासी’ किंवा नुसतंच ‘गाव’ दाखवायचं असलं की मागच्या भिंतीवर पांढरे त्रिकोण फेर धरतात. कथा कुठल्या मुलखातली याची कोणी चौकशी करत नाही. लग्न नाही, धवलेरी नाही, पालघाट नाही. तारप्याचा नाच तेवढा फिरतोय. भुताकडे निदान लोक बघतात. शोभेसमोर नायक-नायिका उभे असतात.

वारल्यांच्या लग्नात मोठ्या चौकाशेजारी छोटा देवचौक असतो. त्यात पंचशिऱ्या. घोड्यावरचा बिनशिराचा वीर, आणि मानेच्या जागी धान्याचे पाच कोंब.  तिकडे नाईलमधल्या फिले बेटावर आयसिसचं देऊळ होतं. तिथल्या भिंतीवर मेलेल्यांचा देव ओसायरिस आडवा पडलेला आहे, त्याच्या अंगातून अठ्ठावीस कणसं उगवली आहेत आणि पुजारी त्यांना पाणी घालतो आहे. ओसायरिसचेही भावाने तुकडे केले होते. बायकोने, आयसिसने, ते गोळा करून जोडले.

या दोघांचं नातं लावायला मी निघालेलो नाही. समुद्रापार नाती जोडणारी जहाजं काढणारे लोक वेगळे. राब भाजून, पेरून, रोप उपटून आवणीच्या चिखलात पुन्हा गाडणाऱ्याला आणि नाईलचा पूर ओसरल्यावर काळ्या गाळात बी टाकणाऱ्याला एकच गोष्ट रोजच्या कामात कळली होती: अखंड राहिलेलं बी उगवत नाही. पंचशिऱ्याला डोकं का नाही, हा प्रश्न शेतकऱ्याला पडत नाही. तो शहरात पडतो.

फिलेचं पुढे काय झालं तेही सांगण्यासारखं आहे. आस्वानच्या धरणांनी बेट पाण्यात घातलं, तेव्हा १९७० च्या दशकात देवळाचे हजारो तुकडे करून ते शेजारच्या उंच बेटावर पुन्हा जोडलं. आयसिसने नवऱ्यासाठी केलेलं काम इंजिनिअरांनी तिच्यासाठी केलं.

इजिप्तच्या चित्रात पाय बाजूने, खांदे समोरून, चेहरा बाजूने आणि डोळा पुन्हा समोरून. वारल्यांच्या चित्रात दोन त्रिकोण टेकले की माणूस. एकाच भिंतीवर पेरणीही चाललेली आणि मळणीही. दोघांनीही जे माहीत आहे ते काढलं. एका जागी उभं राहून जेवढं दिसतं तेवढंच काढायचं, ही सक्ती त्यांच्यावर नव्हती. कॅमेऱ्यावर ती पहिल्या दिवसापासून आहे. त्याला कुठेतरी उभं राहावंच लागतं, आणि तो कुठे उभा आहे ते लपत नाही.

वारली चित्रकार जिव्या सोमा म्हसे तलासरी तालुक्यातल्या धामणगावचे. जन्म १९३४. लहानपणी आई गेली आणि हा मुलगा बोलेनासा झाला, मातीत रेघा ओढून सांगू लागला. पुढे डहाणू तालुक्यात गंजाडजवळ कळंबीपाड्याला राहिले. १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला चित्रकार भास्कर कुलकर्णी या भागात आले, कागद आला, आणि सवासिनींच्या भिंतीवरची रेघ एका पुरुषाच्या हातून कागदावर उतरली. लग्नाचं काम सुटलं, तर म्हसेंनी तिला दुसरं दिलं: गोष्ट सांगायचं. त्यांचं मासे धरायचं जाळं पाहावं. हजारो बारीक रेघांचं ते जाळं कागदभर हलतं. प्रोजेक्टर लागत नाही. २०११ मध्ये पद्मश्री मिळाली, २०१८ मध्ये ते गेले.

भूत आणि शोभा दोन्ही टाळणारा इजिप्तचा सिनेमा एका इजिप्शियनानेच काढला. शादी अब्देल सलाम, ‘अल-मुमिया’, १९६९. गोष्ट खरी, १८८१ ची. देर अल-बहरीच्या डोंगरात राजांच्या ममींचा साठा एका घराण्याला माहीत होता. त्यातलं थोडं थोडं विकून ते जगत होते. सिनेमात बाप मरतो आणि वडीलधारे मुलाला, वनीसला, ते गुपित दाखवतात. त्याच्या डोळ्यांदेखत एका ममीच्या अंगावरून सोन्याचा डोळा काढून घेतात. मेलेल्याची राखण करायला ठेवलेला डोळा, आता पुढच्या महिन्याचं धान्य. वनीस शेवटी कैरोहून आलेल्या अधिकाऱ्यांना जागा सांगतो. पहाटे राजे बोटीवर चढतात.

यात विजय कोणाचा? चोरी थांबली, वारसा वाचला, घराण्याचं पोट गेलं आणि वनीसला घर उरलं नाही. प्रत्यक्षात बोट निघाली तेव्हा नाईलच्या काठावर बाया केस मोकळे सोडून रडल्या, असं सांगतात. त्या कोणासाठी रडल्या, राजांसाठी की बुडालेल्या धंद्यासाठी, हे विचारण्यात अर्थ नाही. या सिनेमात एकही ममी उठत नाही आणि एकही भिंत सजावटीला नाही. हजारो वर्षांपूर्वीचे लोक आपले कोण लागतात, एवढ्याच प्रश्नावर तो उभा आहे.

इजिप्तच्या समजुतीत नाव उच्चारलं जातं तोवर माणूस संपत नाही. सूड घ्यायचा असला तर नाव खरवडायचं, जसं राजा अखेनातेनचं खरवडलं. अब्देल सलाम त्या अखेनातेनवरच्या सिनेमाची वर्षानुवर्षं तयारी करत राहिला. पोशाख, नेपथ्य, सगळं रेखाटून ठेवलं आणि १९८६ मध्ये सिनेमा न काढताच गेला.

इकडे वारल्यांच्या लढ्यात १० ऑक्टोबर १९४५ ला तलवाड्यात गोळीबार झाला आणि पाच आदिवासी मेले. त्यातल्या जेठ्या गांगडचं नाव लाल बावट्याच्या सभांमधून घेतलं जातं. त्या समजुतीप्रमाणे तो आहे. चौक लिहिणाऱ्या सवासिनींची नावं मात्र कुठे नाहीत. चौकात ते चालून जात होतं, तिथे नाव देवीचं. सिनेमाच्या श्रेयनामावलीत नाही चालत. चहा देणाऱ्याचं नाव येतं, भिंत लिहिणारीचं येत नाही.

१९९० च्या दशकाच्या मध्यात टाटा सामाजिक विज्ञान संस्थेतल्या के. पी. जयशंकर आणि अंजली मोंतेरो यांनी वारल्यांवर ‘कहनकार : अहंकार’ हा माहितीपट केला. एका बाजूला वारल्यांच्या गोष्टी आणि चित्रं, दुसऱ्या बाजूला बाहेरच्यांनी त्यांच्याविषयी लिहून ठेवलेला मजकूर. जग कसं झालं हे एक सांगतो, हे लोक कसे आहेत हे दुसरा. दोघेही आपापल्या परीने पुराणच सांगतात. फरक इतकाच, की दुसऱ्याचं पुराण कचेरीत खरं धरलं जात होतं. आता खरा कोण, हे बघणाऱ्याने ठरवायचं. अंधारात आरामात बसून बघायची सवय झालेल्याला ही खुर्ची अवघडते. अवघडू दे.