चिठ्ठीवरचा नंबर

माझ्याकडे एक नंबर आहे. तो माझा आहे की नाही, हे मला ठरवायचं आहे. ‘कमांड अँड कॉन्कर: जनरल्स’ या 2003 सालच्या कॉम्प्युटर गेमची ती सीडी-की. ती टाकल्याशिवाय गेम इन्स्टॉल होत नाही. दोन्ही सीडी घरात आहेत, कव्हरही आहे. कीचा स्टिकर ज्या पुस्तिकेवर होता, ती मात्र कुठल्या तरी दिवाळीच्या साफसफाईत रद्दीत गेली असावी. भाच्याला मामाच्या कॉलेजच्या दिवसांतला गेम पाहायचा होता, म्हणून शोधाशोध सुरू झाली. नंबर सापडला. खरं तर विषय तिथेच मिटायला हवा होता.

सापडला कसा, ते आधी सांगतो, कारण अनेकांच्या घरात अशा अनाथ सीडी पडलेल्या असतात. गेम इन्स्टॉल करताना आपण टाकलेली की बऱ्याचदा विंडोजच्या रजिस्ट्रीत, म्हणजे तिच्या अंतर्गत नोंदवहीत, लिहिली जाते. ‘जनरल्स’च्या बाबतीत ती ‘लोकल मशीन’ शाखेत ‘सॉफ्टवेअर’, त्याखाली ‘इलेक्ट्रॉनिक आर्ट्‌स’, मग ‘ईए गेम्स’, मग ‘जनरल्स’ आणि सर्वांत आत ‘ईआरजीसी’ नावाच्या कप्प्यात असते. 64-बिट विंडोजवर मध्ये ‘वाव6432नोड’ हा आणखी एक थर लागतो. जुना कॉम्प्युटर चालत नसला तरी बिघडत नाही. त्याची हार्डडिस्क अडॅप्टरने नव्या मशीनला जोडायची आणि जुन्या विंडोजच्या ‘सिस्टिम32’मधल्या ‘कॉन्फिग’ फोल्डरमधली ‘सॉफ्टवेअर’ नावाची फाइल रेजएडिट या रजिस्ट्री दाखवणाऱ्या प्रोग्रॅममध्ये ‘लोड हाइव्ह’ म्हणून उघडायची. ‘मॅजिकल जेली बीन कीफाइंडर’सारखे प्रोग्रॅमही हेच वाचून दाखवतात. माळ्यावरच्या डिस्कमधून मला अक्षरं आणि आकड्यांची एक सलग ओळ मिळाली. डिस्क माझी, वाचणारा मी. इथपर्यंत काही टोचलं नाही.

टोचलं ते नंतर. हा गेम मी एकट्याने घेतलाच नव्हता. डोंबिवलीत आम्ही दोघे मित्र शेजारच्या इमारतींत राहायचो. दोघांनी वर्गणी काढली, ग्रँट रोडला उतरलो आणि लॅमिंग्टन रोडवर, म्हणजे डॉ. भडकमकर मार्गावर, एका दुकानातून ओरिजिनल खोका घेतला. खाली फुटपाथवर कॉपी सीडी चिल्लर पैशांत मिळत होत्या, तरी ओरिजिनल घेतल्याचा आम्हाला केवढा अभिमान! घरी येऊन तो गेम आम्ही दोन्ही घरांत इन्स्टॉल केला. प्रत्येकाने अर्धे पैसे दिले होते आणि प्रत्येकाकडे पूर्ण गेम होता. हा हिशेब त्या वेळी दोघांनाही खटकला नाही. एकाने बारा ते तीन खेळायचं आणि दुसऱ्याने तीन ते सहा, असं ठरवलं असतं तर ती खरी भागीदारी झाली असती. आम्ही भागीदारी केली ती फक्त किमतीत.

खटकलं ते गेमला. एकदा मित्राने त्याचा कॉम्प्युटर उचलून माझ्याकडे आणला आणि दोन्ही मशीन केबलने जोडून आम्ही लॅनवर खेळायला बसलो. तेव्हा कळलं, की एकच सिरियल असलेले दोघे एका सामन्यात उतरू शकत नाहीत. स्टेशनजवळच्या सायबर कॅफेतल्या पोराला अडचण सांगितली, तर त्याने पावतीच्या मागे एक नंबर लिहून दिला. आमच्यापैकी एकाने गेम काढून तो नंबर टाकून पुन्हा इन्स्टॉल केला आणि रात्रभर खेळ रंगला. नंबर कुठून आला, हे त्याला विचारावं असं दोघांच्याही मनात आलं नाही.

आता प्रश्न हा, की तो नंबर नेमका कुणाच्या मशीनवर टाकला होता? मित्राच्या असेल, तर मला सापडलेली ओळ आमच्या हरवलेल्या पुस्तिकेवरची आहे. माझ्या असेल, तर ती चिठ्ठीवरची आहे. ‘ईआरजीसी’च्या कप्प्यावर तसं काही लिहिलेलं नसतं आणि गेमला दोन्ही चालतील.

ओळ स्क्रीनवर दिसली त्याच क्षणी मी मनात म्हणालो, ‘हाच आपला.’ कशाच्या आधारावर? इतक्या वर्षांनी अशी ओळ कुणाच्या लक्षात राहते? मला पुस्तिकेचा रंग नीट आठवत नाही, पण चिठ्ठीवरचा नंबर मित्राच्याच मशीनवर टाकला होता, हे मात्र ठामपणे आठवत होतं. मित्र आता टोरांटोला असतो, त्याला फोन लावला. गप्पा झाल्या, आणि हे विचारल्यावर तो हसून म्हणाला, ‘अरे, चिठ्ठी तर तुझ्याच मशीनवर टाकली होती. माझ्या पीसीला आपण हात तरी कुठे लावला?’ तोही तितकाच ठाम. दोघेही खोटं बोलत नव्हतो. पण दोघांच्या आठवणींनी एकच काम केलं होतं: आपल्या मालकाला सोडवलं होतं.

मी वकिलासारखा स्वतःची बाजू मांडायला बसलो. प्रत्येक मुद्द्याला एकच कसोटी लावायची ठरवली: हा युक्तिवाद कुठे थांबतो? खऱ्या समर्थनाला कड असते. ते तेवढ्याच प्रसंगापुरतं लागू पडतं आणि पुढे जाऊ देत नाही. सबबीला कड नसते. एकदा मान्य केली की ती कुठेही चालते.

पहिला मुद्दा, मी पैसे दिलेत. हा थांबतो, पण अर्ध्यावर. उरलेला अर्धा हक्क मित्राने फोनवर आनंदाने देऊन टाकला. म्हणजे खोका आता पूर्ण माझा. पण खोका माझा असला म्हणून चिठ्ठीवरचा नंबर माझा होत नाही. किल्ली हरवली की आपण किल्लीवाल्याला बोलावतो, तेव्हा तो सरळ कुलपाला हात घालत नाही. घर तुमचंच का, असं विचारतो, शेजारच्या काकूंकडे बघतो आणि त्यांनी मान डोलावली की मग सळई काढतो. कॅफेतल्या पोराने कुणाकडे पाहिलं होतं? आणि आम्ही त्याच्याकडे गेलो होतो ते तरी हरवलेल्या किल्लीसाठी थोडेच? आम्हाला एका घराच्या दोन किल्ल्या हव्या होत्या.

दुसरा मुद्दा, नंबर म्हणजे नुसता नंबर, त्यात कुणाचं काय जातं? याला कडच नाही, आणि तो खराही नाही. 1998 च्या ‘स्टारक्राफ्ट’ची की तेरा आकड्यांची होती. शेवटचा आकडा आधीच्या बारांशी गणिताने जुळतो की नाही, एवढंच इन्स्टॉलर पाहायचा. तेरा वेळा 3 दाबलं तरी दार उघडायचं, हे जगभरच्या पोरांना ठाऊक होतं. कीजेन नावाचे छोटे प्रोग्रॅम, मागे टुंग-टुंग संगीत वाजवत, असेच गणितात बसणारे नंबर तयार करायचे. पण त्याच गणितात बसणारे नंबर खऱ्या खोक्यांतही छापलेले होते. ‘स्टारक्राफ्ट’च्या ‘बॅटल.नेट’ या ऑनलाइन सेवेवर जाताना तुमची की दुसरा कुणी वापरत असेल, तर ‘ही की वापरात आहे’ असं सांगून तुम्हालाच बाहेर ठेवलं जायचं. पैसे भरून, खोका उघडून, उत्साहाने बसलेला मुलगा बाहेर आणि त्याचा नंबर कुठूनतरी मिळालेला आत. चिठ्ठीवरचा नंबर एखाद्याच्या पुस्तिकेवरून उतरवलेला असो की कीजेनमधून पडलेला, त्याच्या पलीकडे असा एखादा मुलगा असण्याची शक्यता आम्ही स्वीकारली होती. फक्त त्याचा चेहरा दिसत नव्हता.

तिसरा मुद्दा कायद्याचा. कॉपीराइट कायदा, 1957 च्या 52व्या कलमानुसार प्रोग्रॅमची प्रत कायदेशीरपणे बाळगणाऱ्याला, ती हरवली वा खराब झाली तर असावी म्हणून, राखीव प्रत काढता येते. माझ्या खोक्याला त्याचा आधार आहे. 63-ब कलम सांगतं, की कॉम्प्युटर प्रोग्रॅमची बेकायदा प्रत जाणूनबुजून वापरणारा शिक्षेला पात्र आहे. ‘जाणूनबुजून’ वाचताना मला हायसं वाटलं, आणि त्या हायसं वाटण्यानेच मी दचकलो. मला ठाऊक नाही, हे माझं सुटकेचं कारण होऊ पाहत होतं. पण ते ठाऊक नसण्याचं कारण काय? तेव्हा विचारलं नाही म्हणून. न विचारून मिळवलेलं अज्ञान कोर्टात कदाचित उपयोगी पडेल. ते मनापुढे ठेवता येत नाही. जनाची नाही तर मनाची तरी म्हणतात, ती इथे लागते.

चौथा मुद्दा सर्वांत गोड होता: आता कुणाचंच नुकसान नाही. हा गेम ज्या ‘गेमस्पाय’च्या सेवेवर ऑनलाइन चालायचा, ती 2014 मध्ये बंद पडली. फेब्रुवारी 2025 मध्ये तर इलेक्ट्रॉनिक आर्ट्‌स कंपनीने ‘जनरल्स’चा सोर्स कोडही खुला केला. मग उरलं काय? उरलं असं, की कोड खुला झाला तरी गेममधली चित्रं, आवाज, नकाशे खुले झाले नाहीत. त्यासाठी गेम घेतलेलाच असावा लागतो. आणि ‘जुना झाला, आता कुणाला पडलंय’ हा युक्तिवाद प्रत्येक जुन्या गेमला, पुस्तकाला, सिनेमाला लागू होतो, मग तो घेतलेला असो वा नसो. मुदत उलटली म्हणून फिर्यादी उरत नाही, हे मान्य. पण गोष्ट घडली तेव्हा फिर्यादी होता.

हे सगळं यंत्रावर सोपवता येईल का, हेही पाहिलं. ‘रेड अलर्ट 2’ आणि ‘जनरल्स’ या गेमांच्या निर्मात्यांनी एक युक्ती केली होती. प्रत संशयास्पद वाटली, की खेळ सुरू झाल्यावर अर्ध्या मिनिटात तुमच्या सगळ्या इमारती स्फोट होऊन कोसळायच्या. पण रजिस्ट्रीतली नोंद गहाळ झालेल्या प्रामाणिक गिऱ्हाइकांच्याही इमारती तशाच कोसळल्या, आणि चालणारा चोरीचा नंबर टाकलेल्यांच्या उभ्या राहिल्या. कुलपाला नंबर कळतो, माणूस कळत नाही. कंपन्यांनी पुढे कुलूप काढून वहीच ठेवली. 2003 मध्ये ‘स्टीम’ ही ऑनलाइन सेवा आली, पुढच्या वर्षी ‘हाफ-लाइफ 2’ या गेमने तिच्यावरचं खातं सक्तीचं केलं, आणि आज भाच्याला सीडी-की म्हणजे काय, हे समजावून सांगावं लागतं. त्याच्या खरेदीची साक्ष कंपनीच्या वहीत आहे. त्या वहीचेही दोष आहेत: मार्च 2024 मध्ये ‘द क्रू’ या गेमचे सर्व्हर बंद झाले आणि नोंद असलेल्यांनाही तो खेळता येईना. पण त्याच्या पिढीला निदान आपल्या आठवणीला साक्षीला बोलवावं लागत नाही. मला लागतं, आणि माझी साक्षीदार फितूर आहे, हे आता मला माहीत आहे.

मग भाच्याला काय सांगायचं? इथे मला कसोटी सापडली, कायद्यात नाही की गणितात नाही. ‘हा गेम आपला आहे’ हे वाक्य अर्धं होतं. पूर्ण वाक्य असं: ‘गेम मी आणि मित्राने वर्गणी काढून घेतला, दोन घरांत टाकला, आणि हा नंबर आपला नसून एखाद्या अनोळखी माणसाचा असू शकेल.’ हे म्हणताना त्याच्याकडे बघता येत असेल, तर नंबर टाकावा. मी ते म्हणून पाहिलं. बारा वर्षांच्या मुलाने सरळ विचारलं, ‘मग मामा, नंबर कुठला, हे तुम्ही तेव्हा विचारलं का नाही?’ उत्तर होतं, पण द्यावंसं वाटेल असं नव्हतं.

नंबर मी टाकला नाही. ‘जनरल्स’ आता ‘स्टीम’वर जुन्या गेमांच्या संचात मिळतो, तो घेतला आणि मामा-भाचे खेळलो. यात मोठेपणा काही नाही. मी आता कमावतो आणि किंमत हलकी आहे. स्वस्तात मिळालेला प्रामाणिकपणा मिरवण्याची गोष्ट नव्हे. या खरेदीने चिठ्ठीचा हिशेबही फिटत नाही, कारण हे पैसे कंपनीला गेले आणि देणं होतं ते त्या अनोळखी मुलाचं, असलाच तर. ते आता फेडता येणार नाही. ते फिटलं असं मानायचं नाही, एवढंच हाती आहे.

आणि एक नियम मी स्वतःला घालून घेतला आहे, गेमच्या पलीकडच्या गोष्टींसाठी. जमिनीच्या वाटणीत कोण काय बोललं होतं, भांडणाची सुरुवात कुणी केली, उसने पैसे परत दिले की नाही, अशा वेळी माझी आठवण पटकन आणि ठामपणे माझ्या बाजूने बोलू लागली, तर तो ठामपणा पुरावा धरायचा नाही. समोरच्याला फोन करून त्याची आठवणही ऐकायची. दोन्ही आठवणी आपापल्या मालकाला सोडवत असतील, तर दोन्ही बाजूला ठेवून निकाल स्वतःच्या विरुद्ध द्यायचा. कधी त्यात माझ्यावर थोडा अन्याय होईल. आजवर झुकतं माप कुणाच्या बाजूला पडत आलं, ते पाहता तेवढं चालेल.