एका बोटाची साक्ष

असत्य म्हटले की आपल्या डोळ्यांसमोर बोलणारी जीभ येते, किंवा खोट्या कागदावर सही करणारा हात. अलीकडे मात्र असत्याचा एक असा प्रकार आपल्या हाती आला आहे, ज्यात जीभ हलत नाही, सही करावी लागत नाही आणि समोर कोणी ऐकणाराही नसतो. पडद्यावरील एका चौकोनाला बोट लावले की झाले. अटी वाचल्या आहेत, वय अठरा वर्षे पूर्ण आहे, गाडी मी चालवत नाही, अशा कितीतरी साक्षी आपण दिवसभरात बोटाने देतो आणि त्या साक्षी आहेत हे आपल्या ध्यानीमनीही नसते. यांतील शेवटच्या साक्षीविषयी येथे विचार करावयाचा आहे, कारण तिच्यामागे माणसांचे प्राण उभे आहेत.

टेस्ला या अमेरिकन कंपनीच्या विजेवर चालणाऱ्या मोटारींत चालक आणि त्याच्या शेजारचा प्रवासी यांच्या मधोमध एक मोठा टचस्क्रीन असतो. नकाशा, गाणी, वातानुकूलन असे बरेच काही त्यावरूनच चालते आणि त्यावर व्हिडिओ गेमही खेळता येतात. डिसेंबर २०२० पासून यांतील काही खेळ गाडी धावत असतानाही उघडू लागले. पत्त्यांचा सॉलिटेअर त्यांत होता, विमानातून गोळ्या झाडण्याचा खेळही होता. खेळ सुरू होण्यापूर्वी पडद्यावर सूचना येई की हे केवळ प्रवाशांसाठी आहे, आणि आपण प्रवासी आहोत असे सांगणारे एक बटण दाबावे लागे. ते बटण कोण दाबतो आहे हे तपासण्याची सोय मात्र नव्हती. चालकाने दाबले तरी खेळ उघडत असे. ओरेगॉन राज्यातील एका वाहनधारकाच्या हे लक्षात आले आणि त्याने सरकारकडे तक्रार केली. डिसेंबर २०२१ मध्ये अमेरिकेच्या महामार्ग सुरक्षा यंत्रणेने सुमारे ५ लाख ८० हजार मोटारींबाबत चौकशी सुरू केली आणि काही दिवसांतच कंपनीने धावत्या गाडीत खेळ बंद ठेवण्याचे मान्य केले.

हे सारे सातासमुद्रापार घडले, त्याचे आपल्याला काय, असे कोणी म्हणेल. परंतु पडद्यांच्या या गाड्या आता आपल्या अंगणात आल्या आहेत. टाटा कंपनीने सप्टेंबर २०२३ मध्ये नव्या रूपातील विजेवरची नेक्सॉन आणली, तेव्हा तिच्या पडद्यावर चित्रपट पाहण्याची आणि खेळ खेळण्याची सोयही दिली, अर्थात गाडी उभी असतानाच. स्वतः टेस्लाने १५ जुलै २०२५ रोजी मुंबईत वांद्रे-कुर्ला संकुलात आपले पहिले दालन उघडले. जळगाव-धुळ्याच्या रस्त्यांवर हिरव्या पाटीच्या गाड्या आता नवलाईच्या राहिलेल्या नाहीत. ज्यांच्याकडे अशी गाडी नाही, त्यांच्या गाडीत काचेजवळ लावलेला मोबाइल असतो. त्या मोबाइलला गाडी उभी आहे की धावते आहे याच्याशी काही देणेघेणे नसते. तेव्हा कंपनीने कुलूप लावले म्हणून प्रश्न मिटला असे होत नाही. त्याची चावी पुन्हा चालकाच्याच बोटात येते.

आता मूळ प्रश्नाकडे वळू. एक चालक बटण दाबतो, दोन डाव खेळतो आणि सुखरूप घरी पोहोचतो. कोणाला ओरखडाही आला नाही. मग त्याने नेमका कोणता अपराध केला? यंत्राशी खोटे बोलला म्हणावे, तर यंत्र ही काही व्यक्ती नव्हे. यंत्राची फसवणूक होत नाही आणि त्याचे मनही दुखावत नाही. सुशिक्षित तरुण हा युक्तिवाद गंभीरपणे मांडतात, म्हणून त्याला गंभीरपणेच उत्तर दिले पाहिजे.

पहिली गोष्ट अशी की ती साक्ष यंत्रासाठी नव्हतीच. दरवाजावर लिहिलेली सूचना फळीला उद्देशून नसते, आतल्या माणसांच्या रक्षणासाठी असते. प्रवासी असल्याची खात्री मागितली जाते ती समोरून येणाऱ्या सायकलस्वारासाठी, रस्ता ओलांडणाऱ्या म्हातारीसाठी. त्यांनी या चालकावर विश्वास टाकलेला आहे, त्याचे नावही माहीत नसताना. रस्ता हा अशा अनोळखी विश्वासावरच चालतो. पारोळ्याजवळ समोरून ताशी ८० किलोमीटर वेगाने येणारा ट्रक आपल्या बाजूला वळणार नाही, या एवढ्याच भरवशावर आपण मुलाबाळांना गाडीत बसवून निघतो. तो भरवसा ही अमानत आहे. बटण दाबणाऱ्याने यंत्राला फसवले नाही हे खरे; त्याने त्या सायकलस्वाराला फसवले, आणि ही फसवणूक अधिक वाईट, कारण आपण फसवले गेलो आहोत हे त्याला कधी कळणारही नाही.

दुसरी गोष्ट श्रद्धेची आहे. आपली प्रत्येक कृती नोंदवणारे सन्माननीय लेखनिक नेमलेले आहेत, हे कुरआनने सूरह इन्फितारमध्ये सांगितले आहे. सूरह यासीनमध्ये तर असा दिवस वर्णिला आहे, जेव्हा तोंडे बंद केली जातील आणि हात बोलतील व पाय साक्ष देतील. पूर्वी हे वाचताना चोराचा किंवा खुन्याचा हात नजरेसमोर येत असे. आज बोटाचे एक टोक येते. ज्या बोटाने मी चालक नाही असे सांगितले, तेच बोट त्या दिवशी काय सांगेल?

तरीही कोणी म्हणेल की इजा झालीच नाही, तर दोष कसला? येथे प्रेषित मुहम्मद (स.) यांची एक शिकवण फार उपयोगी पडते. मशिदीतून किंवा बाजारातून बाण घेऊन जाणाऱ्याने बाणांची टोके हातात धरून चालावे, म्हणजे कोणाला इजा होणार नाही, अशी आज्ञा प्रेषितांनी (स.) दिल्याचे बुखारी व मुस्लिम या दोन्ही संग्रहांत आले आहे. आपल्या बंधूवर थट्टेनेही शस्त्र रोखू नये, न जाणो सैतान हात हलवील, असेही त्यांनी शिकवले. बाण कोणाला लागला तर काय, याविषयी या शिकवणीत चर्चा नाही. टोक उघडे ठेवणे हीच चूक मानलेली आहे. कोणी जखमी झाला नाही, हा त्या माणसाचा गुण नव्हे. ती अल्लाहची कृपा होती आणि त्याने ती स्वतःच्या खात्यावर मांडून घेतली.

मोटार हा आपल्या काळातील बाण आहे, असे म्हटले तर अतिशयोक्ती वाटेल. पण हिशेब करून पाहावा. ताशी ६० किलोमीटर वेगाने जाणारी गाडी एका सेकंदात १६ मीटरहून अधिक अंतर कापते. पडद्यावरचा पत्ता पाहून तो उचलण्यास तीन सेकंद लागले, तर गाडी ५० मीटर आंधळेपणाने पुढे गेलेली असते. आपल्या खान्देशातील रस्त्यांवर त्या ५० मीटरांत काय काय असू शकते! कापसाने भरलेली, मागे दिवा नसलेली बैलगाडी असते. केळीचे घड लादून संथपणे चाललेला ट्रॅक्टर असतो. चैत्रात वणीच्या गडाकडे पायी निघालेल्या भाविकांचे जथे पहाटेच्या अंधारात धुळे-मालेगाव मार्गाच्या कडेने चालत असतात. तेही आपले शेजारी आहेत, आणि शेजाऱ्याच्या हक्कात त्याचा धर्म विचारला जात नाही. रस्त्यावरील इजा पोहोचवणारी वस्तू दूर करणे ही ईमानाची एक शाखा आहे, हे आपण मुलांना मदरशात पाठ करवून घेतो. काटा उचलणे पुण्य असेल, तर स्वतःच काटा होऊन रस्त्यावर धावणे काय ठरेल?

मार्च २०१८ मध्ये कॅलिफोर्नियातील माउंटन व्ह्यू येथे एका अभियंत्याची टेस्ला गाडी महामार्गाच्या दुभाजकावर आदळली आणि तो मरण पावला. गाडी त्या वेळी ऑटोपायलट या साहाय्यक प्रणालीवर धावत होती. गाडी आपली आपण चालते आहे, हा भरवसा त्याला भोवला. चालक बहुधा आपल्या फोनवरील खेळात गुंतलेला असावा, असा निष्कर्ष तेथील अपघात चौकशी मंडळाने फेब्रुवारी २०२० मध्ये काढला. तो मनुष्य अज्ञानी नव्हता. संगणक क्षेत्रातच काम करणारा होता.

अपघात झाला की आपल्याकडे एक वाक्य तत्परतेने उच्चारले जाते: नशिबात होते, अल्लाहची मर्जी. तकदीरवर श्रद्धा ठेवणे हे ईमानाचे अंग आहे. परंतु तकदीर ही निष्काळजीपणा झाकण्याची चादर नव्हे. उंट बांधावा आणि मग भरवसा ठेवावा, ही शिकवण सर्वांनाच ठाऊक आहे. याहून कमी ठाऊक असलेली गोष्ट सूरह निसाच्या ९२ व्या आयतीत आहे. चुकून, हेतू नसताना, कोणाच्या हातून एखाद्या ईमानधारकाचा जीव गेला तरी शरीअतने त्याला मोकळे सोडलेले नाही. मृताच्या वारसांना दियत द्यावी, गुलाम मुक्त करावा आणि ते शक्य नसेल तर सलग दोन महिने रोजे ठेवावेत. वारस दियत माफ करू शकतात. रोजे कोणी माफ करू शकत नाही. विचार करावा, ही व्यवस्था प्रामाणिक चुकीसाठी आहे. ज्याने डोळे रस्त्यावरून स्वतःहून काढून पडद्यावर ठेवले, त्याच्या कृत्याला निव्वळ चूक म्हणता येईल का? याचा निवाडा मुफ्तींनी करावा, तो या लेखाचा अधिकार नाही. परंतु चूक हा शब्द त्याच्या तोंडी सहजासहजी शोभणार नाही, एवढे म्हणता येते.

उभ्या गाडीत खेळण्याचे काय, हा प्रश्न तरुण हमखास विचारतात. गाडी चार्जिंगला लावली की पाऊण-एक तास जातो, तेवढ्यात मुलांनी एखादा डाव खेळला तर? ज्यात जुगार नाही, अश्लीलता नाही आणि ज्यामुळे नमाज टळत नाही, अशा खेळावर उगाच कठोर होण्याचे कारण दिसत नाही. प्रवासात कंटाळलेल्या लेकराला हसू देणे हेही आई-वडिलांचेच काम आहे. मात्र दोन गोष्टी नजरेआड करू नयेत. एक म्हणजे वेळेची. आरोग्य आणि फुरसत या दोन देणग्यांबाबत बहुतेक लोक घाट्यात असतात, असे प्रेषितांनी (स.) बजावले आहे, आणि असर-मगरिबच्या वेळी चार्जिंगचा तास कसा निसटतो हे सांगायला नको. दुसरी गोष्ट थोडी सूक्ष्म आहे. टेस्लाच्या एका शर्यतीच्या खेळात उभ्या गाडीचे खरेखुरे स्टिअरिंग फिरवून पडद्यावरची गाडी चालवता येते. ब्रेकही खराच दाबावा लागतो. पडद्यावर धडक बसली की खेळ पुन्हा पहिल्यापासून सुरू होतो. आठ-दहा वर्षांचे मूल तेच चाक हातात धरून हे शंभरदा अनुभवते आणि काही वर्षांनी त्याच चाकासमोर परवाना घेऊन बसते. त्याच्या हातांनी तोपर्यंत काय शिकून ठेवलेले असेल? हे हराम आहे असे म्हणण्याचे धाडस नाही. पण आपल्या मुलाला असे चाक खेळायला देण्याआधी थांबावे, असे प्रामाणिकपणे वाटते.

जबाबदारी केवळ चालकाची आहे, असेही मानण्याचे कारण नाही. ज्यांनी ते बटण पडद्यावर ठेवले, त्यांना चालक ते दाबू शकतो हे कळत नव्हते असे कसे म्हणावे? दूरच्या प्रदेशात रस्ता नीट नसल्याने एखादे जनावर ठेचकाळले तरी आपल्याला जाब विचारला जाईल, अशी भीती हजरत उमर (रजि.) बाळगत असत, असे सांगितले जाते. वस्तू बनवणाऱ्याने आणि तिला परवानगी देणाऱ्याने ही भीती बाळगली असती, तर चौकशीची वेळ आली नसती. केवळ सूचना लिहून हात झटकणे ही कायद्याची पळवाट असेल, पण अल्लाहच्या दरबारात ती चालेल असे वाटत नाही.

आणि शेजारी बसलेला? मार्च २०२५ मध्ये दादरहून स्वारगेटला जाणाऱ्या, विजेवरच धावणाऱ्या ई-शिवनेरी बसचा चालक गाडी चालवताना मोबाइलवर क्रिकेटचा सामना पाहत होता. एका प्रवाशाने त्याचे चित्रण करून परिवहनमंत्री प्रताप सरनाईक यांच्यापर्यंत पोहोचवले. तो चालक खासगी कंपनीचा होता. त्याला कामावरून काढण्यात आले आणि कंपनीला ५ हजार रुपये दंड झाला. बसमध्ये प्रवासी बोलू शकला, कारण चालक त्याचा कोणी लागत नव्हता. घरच्या गाडीत हे अवघड असते. तेथे चाकामागे अब्बा असतात किंवा थोरले भाईजान. आपल्या घरांत मोठ्यांना टोकणे बेअदबी मानले जाते. अम्मी पडद्याकडे पाहतात, रस्त्याकडे पाहतात आणि ओठांतल्या ओठांत दरूद म्हणत राहतात. वाईट दिसले तर हाताने थांबवावे, ते न जमल्यास जिभेने, ही आज्ञा घरातल्या मोठ्यांपाशी येऊन संपत नाही. अदबीने सांगता येते. पण सांगावे लागते.

वाहनावर बसताना जी दुआ आपण म्हणतो, ती सूरह जुखरुफमधील आहे. ज्याने हे वाहन आमच्या अधीन केले तो पवित्र आहे, अन्यथा आम्ही त्याला काबूत आणू शकलो नसतो, असा तिचा आशय. तिच्यात मी नाही, आम्ही आहे. ती केवळ चाकामागे बसलेल्याची दुआ नाही; मागच्या सीटवर आईच्या कुशीत बसलेल्या सात वर्षांच्या मुलीचीही आहे. बहुतेक घरांत गाडी फाटकाबाहेर पडताना ती दुआ तिच्याकडूनच मोठ्याने म्हणवून घेतली जाते. एरंडोल मागे पडल्यावर तिने पुढे वाकून, अब्बा, पडदा बंद करा ना, असे म्हटले, तर तिला गप्प बसवू नये.