हारजितीचा आकडा

खेळ संपला की सोंगट्या पिशवीत भरावयाच्या, पट गुंडाळून फडताळात ठेवावयाचा, आणि कोण जिंकले, कोण हरले हे दुसऱ्या दिवशीच्या आंघोळीपर्यंत विसरून जावयाचे, अशी आमच्या लहानपणी घरोघर चाल होती. आता पट मोबाइलमध्ये आला आहे, आणि मोबाइल काही विसरत नाही. त्याच्या ह्या न विसरण्याने आमच्या एका जुन्या स्नेहाला तडा जावयाची वेळ आली होती. प्रसंग लहानसाच आहे. त्याने उभा केलेला प्रश्न मात्र लहान नाही, म्हणून तो वाचकांपुढे ठेवीत आहोत.

आमचे एक बालमित्र निपाणीस असतात. तंबाखूच्या एका वखारीत त्यांनी चाळीस वर्षे रोजकीर्द आणि खतावणी लिहिली. आम्ही बेळगावात. अंतर पाऊणशे किलोमीटरचे. पण वय झाले की तेवढेही अंतर घाटासारखे वाटू लागते. २०१६ साली फेसबुकच्या मेसेंजरमध्ये बुद्धिबळाचा खेळ दडलेला आहे, असे आमच्या पुतण्याने दाखवून दिले. निरोप लिहावयाच्या जागी ‘एफबीचेस’ हे नाव घालून पुढे ‘प्ले’ लिहिले की पट उमटे. मग घोडा कोणत्या घरात न्यावयाचा, उंट कोठे बसवावयाचा, ते अक्षरांनी आणि अंकांनी लिहून धाडावयाचे. घाई नाही, घड्याळ नाही. सकाळची खेळी, तिला संध्याकाळचे उत्तर, असा संथ कारभार चाले.

त्याच वर्षी मित्रांच्या पत्नी निवर्तल्या. तेव्हापासून निपाणीच्या बऱ्याच खेळ्या रात्री दोन-अडीच वाजता येऊ लागल्या. आम्ही सकाळी उठून त्या पाहत असू आणि उत्तर धाडीत असू. ‘कसा आहेस?’ असे आम्ही कधी विचारले नाही, आणि त्यांनीही कधी आपण होऊन काही सांगितले नाही. प्यादे एक घर पुढे सरकत असे, एवढेच.

दोन वर्षे अशी गेली, आणि एके दिवशी आम्हांस कुतूहल उत्पन्न झाले. इतके डाव झाले, तर एकंदर हारजीत काय झाली? ह्याची नोंद कोठेतरी असलीच पाहिजे. शोध करता कळले की, त्याच नावापुढे ‘स्टॅट्स’ हा शब्द लिहिला म्हणजे दोन खेळाडूंमधला सगळा हिशेब समोर येतो. आम्ही तो शब्द लिहिला. उत्तर क्षणार्धात आले. आमचे विजय ८७, त्यांचे ३४, बरोबरी ९.

एक गोष्ट मात्र आमच्या ध्यानात आली नव्हती. हे उत्तर विचारणाराच्या एकट्याच्या कानात सांगितले जात नाही. ते दोघांच्या संभाषणातच उमटते, आणि दोघांनाही सारखेच दिसते. भरीस भर म्हणून त्या आकड्याखाली आम्ही थट्टेची एक ओळ लिहिली. ती येथे पुन्हा लिहावयाची आम्हांस लाज वाटते. त्या रात्री निपाणीहून खेळी आली नाही. दुसऱ्या रात्रीही आली नाही. पंधरा दिवसांनी न राहवून आम्ही विचारले, तेव्हा उत्तर आले: ‘तुझा आकडा बरोबर आहे. मी ताळा करून पाहिला. पण आपण व्यवहार करतो आहोत, हे मला ठाऊक नव्हते.’

मग पुढे काहीच नाही.

तेव्हापासून आम्ही हा प्रश्न मनाशी घोळवीत आहो: जय-पराजयाची मोजणी करणे हा दोष आहे काय?

आमचा हा सीमाभाग. १ नोव्हेंबर १९५६ पासून येथल्या माणसाच्या वाट्याला कोणत्या ना कोणत्या जय-पराजयाची मोजदाद आलेलीच आहे. त्या वादात आज आम्ही शिरत नाही. पण ह्या भागात कानांवर पडणाऱ्या दोन भाषांची एक गंमत सांगण्यासारखी आहे. मराठीत आपण ‘हारजीत’ म्हणतो, आणि आमचे कन्नड शेजारी ‘सोलु-गेलुवु’ म्हणतात. दोन्हींत हार आधी येते, जीत मागून. यंत्राचा क्रम मात्र उलटा; ते आधी विजय मांडते. बोलीभाषा घडविणाऱ्या सामान्य माणसाने पराभवाला पहिले पान का वाढले असेल? त्याचा आयुष्याचा अनुभव तसा होता म्हणून, की हार सोसण्याची तयारी असल्यावाचून खेळावयास बसू नये हे त्याला समजले होते म्हणून? आम्हांस दुसरे कारण अधिक खरे वाटते.

मोजणीविरुद्ध निकाल देण्यापूर्वी तिची बाजूही ऐकली पाहिजे. जो मोजीत नाही तो स्वतःला फसवितो. मनाची वही मोठी लबाड असते. तीत आपले विजय ठळक शाईने लिहिलेले असतात, आणि पराभवांपुढे ‘त्या दिवशी डोके दुखत होते’ असा शेरा असतो. आकडा असली सबब ऐकून घेत नाही. शिवाय आपल्या परंपरेत मोजणीचा मोठाच गौरव केलेली एक कथा आहे. महाभारताच्या वनपर्वातले नलोपाख्यान वाचकांस परिचित आहे. फाशांच्या खेळात राज्य हरलेल्या युधिष्ठिराला बृहदश्व ऋषी ते सांगतात, हे ध्यानात घेण्यासारखे आहे. नळही असाच आपल्या भावाशी, पुष्कराशी, फासे खेळून सर्वस्व हरला होता. पुढे बाहुक नावाने ऋतुपर्ण राजाचे सारथ्य करीत असता राजाने वाटेवरच्या एका बेहड्याच्या झाडाची पाने आणि फळे किती, हे नुसत्या दृष्टीने सांगितले. नळाने रथ थांबविला आणि मोजून पाहिले. संख्या अचूक निघाली. तेव्हा आपली अश्वविद्या देऊन त्याने राजाकडून ही संख्याविद्या आणि फाशांचे मर्म घेतले. आणि ते मर्म कळताच त्याच्या अंगात ठाण मांडून बसलेला कली बाहेर पडला. मोजता येऊ लागले आणि कली निघून गेला, असा ह्या कथेचा रोख आहे. मोजणे वाईट असते तर व्यासांनी ते नळाच्या सुटकेचे साधन केले नसते.

पण मोजणी मोजणीत अंतर आहे. सभापर्वातल्या द्यूतात युधिष्ठिर एकेक पण मांडतो, फासे पडतात, आणि दर वेळी शकुनी एवढेच म्हणतो की, जिंकले. पुन्हा पण, पुन्हा फासे, पुन्हा तोच शब्द. तीही मोजणीच आहे. परंतु ती समोरच्याला ऐकविण्यासाठी केलेली आहे. नळाने मोजले ते आपले अज्ञान घालविण्यासाठी, आणि शकुनीने मोजले ते दुसऱ्याचे तेज घालविण्यासाठी. आम्ही त्या दिवशी ‘स्टॅट्स’ हा शब्द लिहिला तेव्हा वरवर नळासारखे कुतूहल दाखविले खरे. पण आकड्याखाली जी ओळ लिहिली तिच्यात शकुनीचा स्वर होता. हे कबूल करणे भाग आहे.

त्यातून तो आकडा तरी काय सांगत होता? अर्पाड एलो नावाच्या गणित जाणणाऱ्या बुद्धिबळपटूने खेळाडूंची ताकद मोजण्याची जी रीत बसविली, ती जागतिक बुद्धिबळ संघटनेने १९७० साली स्वीकारली. तिचे मर्म असे की, नुसते किती डाव जिंकले ह्याला अर्थ नाही. कोणाशी खेळून जिंकले ते पाहिले पाहिजे. दुबळ्याला हरविल्याने गुण जवळजवळ वाढत नाहीत, आणि बलवानाशी बरोबरी केली तरी वाढतात. तुल्यबळ जोडीचा हिशेब दीर्घकाळात निम्म्या-निम्म्यावर येऊन टेकतो. म्हणजे आमचा ८७ विरुद्ध ३४ हा आकडा आमच्या पराक्रमाचा दाखला नव्हताच. फार तर जोड विषम होती, एवढे तो सांगत होता. आणि ती विषम का होती? एक खेळाडू आठ तास झोपून, चहा घेऊन, ताज्या डोक्याने खेळत होता, आणि दुसरा रिकाम्या घरात रात्री अडीच वाजता. हा तपशील कोणत्याही यंत्राच्या हिशेबात येत नाही. तो मित्राच्या हिशेबात यावयास हवा होता.

येथे आम्हांस एका कथेचे स्मरण होते. बेळगावहून चोर्ला घाट उतरून गोव्यात गेलेल्या आमच्या वाचकांत मंगेशीचे दर्शन न घेतलेला विरळाच असेल. त्या देवस्थानाची उत्पत्ती सांगणारी आख्यायिका एका हरलेल्या डावापासून सुरू होते. कैलासावर शिवपार्वती सारीपाट खेळत होती. वेरूळच्या लेण्यांतही हा देखावा कोरलेला आहे, आणि कार्तिक शुद्ध प्रतिपदेला द्यूतप्रतिपदा हे नाव आहे ते ह्याच खेळाच्या स्मरणाने. शिव हरत गेले, हरत गेले, आणि अखेर कैलासही हरून बसले. मग ते उठले, आणि काही न बोलता दक्षिणेकडे चालू लागले, ते गोमंतकात येऊन राहिले.

आता डाव जिंकणारी कोण? पार्वती. सर्व काही तिच्या पदरात पडलेले. हिशेबाने पाहावे तर तिचा विजय संपूर्ण. पण जिंकलेल्या कैलासावर ती बसून राहिली नाही. ती हरलेल्याच्या शोधात निघाली. अरण्यात शिवांनी वाघाचे रूप घेऊन तिला भिवविले, तेव्हा ‘गिरीशा, माझे रक्षण कर’ असे म्हणताना भीतीने तिचे शब्द एकमेकांत मिसळले, आणि त्या अडखळलेल्या हाकेतून ‘मांगिरीश’, ‘मंगेश’ हे नाव झाले, असे सांगतात. पुढे सोळाव्या शतकात पोर्तुगीज अमदानीत मंदिरांवर संकट आले, तेव्हा कुशस्थळीचे ते लिंग भक्तांनी नदीपलीकडे प्रियोळास नेले. तेथे आज आपण हात जोडून उभे राहतो.

ह्या कथेत किती डाव झाले, कोणी किती जिंकले, ह्याचा आकडा कोणालाही ठाऊक नाही, आणि कोणी तो विचारलेलाही नाही. स्मरणात राहिले ते हे की, एक जण हरून उठून गेला आणि जिंकलेली त्याला शोधीत आली. ज्या नावाने आपण देवाला हाक मारतो ते नाव जिंकणारीच्या तोंडून निघालेले आहे, आणि तेही विजयाच्या घोषाचे नव्हे, तर व्याकुळतेचे. आमच्या मते जय-पराजयाच्या नीतीचे सार ह्यात आले. हरणाऱ्याचे कर्तव्य सोसणे हे आहे, हे सगळेच सांगतात. जिंकणाऱ्याचे कर्तव्य हरलेल्याचा शोध घेणे हे आहे, हे सहसा कोणी सांगत नाही. गीतेने लाभ-हानी आणि जय-पराजय समान मानावयास सांगितले. ते साधणे आमच्यासारख्यांस कठीण. पण जिंकल्यावर उठून चार पावले चालत जाणे कोणालाही साधेल. नळानेदेखील राज्य परत जिंकल्यावर पुष्कराला त्याचा वाटा देऊन सन्मानाने निरोप दिला. आमच्या भागातल्या कुस्तीच्या मैदानात कुस्ती निकाली झाली की, चितपट झालेल्याला हात देऊन उठविणारा मल्ल लोकांच्या मनात अधिक काळ राहतो. त्याच्या कुस्त्यांची संख्या कोणी पाठ केलेली नसते.

हे सगळे सुचावयास आम्हांस चार महिने लागले. दिवाळीच्या पाडव्याला आम्ही एस.टी.ने निपाणीस गेलो. मित्रांनी दार उघडले, पाणी दिले, आणि विशेष काही न बोलता लाकडी पट मांडला. पहिला डाव आम्ही हरलो. सरळ हरलो, हे मुद्दाम लिहितो, कारण जाणूनबुजून हरण्याइतका मित्राचा दुसरा अपमान नाही. डाव संपल्यावर त्यांनी आमची नेमकी चूक दाखविली, आणि म्हणाले, ‘ही तू नेहमीच करतोस.’ ‘तुला कसे ठाऊक?’ असे विचारताच त्यांनी कपाटातून एक लाल बांधणीची वही काढली. तीत तारीखवार नोंदी होत्या. मेसेंजरवर हरलेले सत्त्याऐंशी डाव, आणि प्रत्येकापुढे आपली चाल कोठे चुकली ह्याची एक ओळ. जिंकलेल्या चौतीस डावांची नोंद कोठेही नव्हती. कारण विचारले तर म्हणाले, ‘जमेची बाजू लिहिली नाही तरी दिसते. नावेची लिहावी लागते.’

म्हणजे मोजणी तेही करीत होते, आणि आमच्याआधीपासून, आमच्याहून काटेकोरपणे. फरक एवढाच की, ती वही त्यांच्या कपाटात होती.

मेसेंजरमधला तो खेळ आता तेथे राहिलेला नाही, आणि आमचे ८७, ३४ आणि ९ त्याच्याबरोबर कोठे गेले ते विचारण्याची सोय नाही. हल्ली आम्ही ‘लिचेस’ नावाच्या ठिकाणी खेळतो. तेथे हिशेब शोधावाही लागत नाही. डाव संपला की पटाखाली दोघांची बेरीज आपोआप मांडलेली असते. ती आम्ही पाहतो. न पाहण्याचे सोंग आणीत नाही. पण निपाणीची खेळी रात्री अडीच वाजता आलेली दिसली की, उत्तराची चाल सुचण्यापूर्वी आम्ही मित्राला फोन करतो.