सोडणे आणि सुटणे

संसार मिथ्या आहे, घरदार कोणाचे झाले नाही, असे आपण कीर्तनात सहज बोलून जातो. ज्याचे घर शाबूत आहे त्याच्या तोंडी हे वाक्य फार गोड लागते, हे प्रथम कबूल केले पाहिजे.

उजनीचे धरण 1980 साली पुरे झाले. भीमेचे पाणी मागे पसरले आणि इंदापूर-करमाळ्याकडची कित्येक गावे त्याखाली गेली. जुने पळसदेव त्यांतलेच. नवे पळसदेव पुणे-सोलापूर रस्त्याला वसले. पळसनाथाचे जुने दगडी देऊळ मात्र तळातच राहिले. जलाशय फार आटला म्हणजे ते उघडे पडते. 2024 च्या उन्हाळ्यात तसे झाले होते. बाहेरचे लोक आले की शिखराकडे बघतात, फोटो काढतात. गावची म्हातारी माणसे खाली बघत चालतात. कुणाचे जोते कुठे होते, आड कुठे, चूल कुठे, याचा शोध चाललेला असतो.

अशाच एका जोत्यापाशी एक आजी बसल्या होत्या. आम्ही, सवयच ती, उपदेशाला लागलो. "आजी, देहसुद्धा आपला नाही, मग गावाचा मोह कशाला?"

आजी म्हणाल्या, "खरं हाय माउली. नांदाया आले तवा म्या बी माहेर सोडलं. रडले, पर माहेर जाग्यावर हुतं. हे गाव म्या सोडलं न्हाई. त्ये सुटलं."

आम्ही गप्प बसलो. त्याग म्हणजे आपण हात उघडणे. हातातले कोणी काढून घेतले, तर त्याला त्याग कसे म्हणावे? आणि त्या दुःखाला मोह ठरवण्याचा अधिकार आम्हांस कोणी दिला?

आता एवढे खरे की गाव सर्वांना सारखे आठवत नाही. वेशीबाहेर ज्यांना राहावे लागले, त्यांतल्या कोणी 'बुडाले ते बरे झाले' म्हटले, तर तेही ऐकून घ्यावे लागेल. जोते असलेल्यांचीच आठवण म्हणजे गावाची आठवण नव्हे.

आषाढीच्या सोहळ्याला उजनीतून नदीत पाणी सोडतात. त्यातच आपण चंद्रभागेचे स्नान करतो. आजींना आम्ही विचारले, "वारीला येता काय?"

"येते की. पाण्यात उतरले म्हंजी म्हनते, माज्या उंबऱ्यावरनं आलास बाबा, समदं बरं हाय न्हवं तिकडं?"