खटला खारीज झाला. हिशेब संपला का?

२३ सप्टेंबर २०२३ ची पहाट नागपूरकर विसरलेले नाहीत. अंबाझरी तलाव ओसंडून वाहिला, नाग नदीचे पाणी काठच्या वस्त्यांत शिरले आणि धान्य, अंथरूण, मुलांची पुस्तके चिखलात गेली. शासनाने बाधित कुटुंबांना प्रत्येकी १० हजार रुपयांची मदत जाहीर केली. अशा प्रत्येक आपत्तीनंतर एक प्रश्न मागे उरतो : ज्याने मदत घेतली, त्याचा तिच्यावर हक्क होता का?

आपत्ती व्यवस्थापन कायदा, २००५ च्या कलम ५२ नुसार जाणूनबुजून खोटा दावा करून मदत मिळवणे हा दोन वर्षांपर्यंत कैदेस पात्र गुन्हा आहे. कलम ५३ मदतीच्या अपहाराबद्दल आहे. मात्र कलम ६० नुसार शासनाची किंवा सक्षम प्राधिकरणाची तक्रार असल्याशिवाय, अथवा तक्रारदाराने किमान ३० दिवसांची पूर्वसूचना दिल्याशिवाय, न्यायालय या गुन्ह्यांची दखल घेऊ शकत नाही. म्हणजे घरात पाणी शिरले होते की नाही, हे तपासले जाण्यापूर्वीच खटला खारीज होऊ शकतो.

समजा, सक्करदऱ्यातील एका गृहस्थावरील असा आरोप न्यायालयाने फेटाळला. त्याने निर्धास्त व्हावे का? आणि बुधवार बाजारात भाजी घेताना त्याच्याकडे बोट दाखवणाऱ्यांनी काय करावे?

आधी शेजाऱ्यांविषयी. इस्लामी न्यायशास्त्रात मनुष्याची मूळ स्थिती निर्दोषत्वाची मानली आहे. आरोप करणाऱ्यावर पुराव्याची जबाबदारी आहे. पुरावा नसेल, तर कुजबुज हा त्याचा पर्याय होऊ शकत नाही. सूरह अल-हुजुरातमध्ये संशय, हेरगिरी आणि पाठीमागील निंदा यांना एकाच आयतीत मनाई आहे. सूरह अन-निसाच्या १०५ व्या आयतीपासूनचा प्रसंग तर अंतर्मुख करणारा आहे. भाष्यकार सांगतात की, मदीनेत एका मुस्लिम म्हणवणाऱ्याने चोरी करून तिचा आळ एका यहुदी माणसावर घातला. त्याचे आप्त त्याची बाजू घेऊन उभे राहिले. परंतु वह्य आली ती त्या यहुदी माणसाला निर्दोष ठरवणारी. आपला-परका न पाहता आळ दूर करणे हा अल्लाहचा न्याय आहे. तेव्हा खटला खारीज झाल्यावर शेजाऱ्याची जीभ थांबली पाहिजे.

आता त्या गृहस्थाविषयी. हजरत उम्मे सलमा (रजि.) यांच्याकडून आलेल्या, बुखारी व मुस्लिम या दोन्ही संग्रहांतील हदीसचा आशय असा : प्रेषित (स.) म्हणाले की, मीही मनुष्य आहे, वादात एखादा अधिक प्रभावीपणे बाजू मांडतो आणि मी ऐकतो त्यावरून निवाडा देतो, त्यातून कोणाला आपल्या भावाचा हक्क मिळाला, तर त्याने तो घेऊ नये, कारण तो अग्नीचा तुकडा आहे. विचार करा, जेथे खुद्द प्रेषितांच्या (स.) निवाड्याने हराम वस्तू हलाल होत नाही, तेथे तक्रारीतील त्रुटीमुळे ती कशी होईल?

न्यायालयासमोर प्रश्न एवढाच होता : राज्याला या माणसावर खटला चालवता येतो का? ते पैसे त्याचे होते का, हा प्रश्न तेथे आलाच नाही. तो आता त्याच्या एकट्यापुढे आहे. पाणी उंबऱ्यापर्यंतच आले होते का? एका चुलीचे दोन दावे केले होते का? उत्तर स्वच्छ असेल, तर त्याने मान ताठ ठेवावी. त्याला कोणाचेही देणे नाही. उत्तर अडखळले, तर केवळ जिभेने तौबा पुरत नाही, कारण हा बंद्यांचा हक्क आहे. रक्कम तहसील कार्यालयात परत करावी. तेथे स्वीकारली न गेल्यास आपत्तीग्रस्त गरजूंना द्यावी, आणि त्यावर पुण्याची अपेक्षा ठेवू नये, कारण ती आपली नव्हतीच.

वाचकहो, आपण बहुधा नेमके उलटे करतो. न्यायालयाने सोडले तरी शेजाऱ्याला सोडत नाही, आणि न्यायालयाने सोडले की स्वतःला मात्र लगेच सोडतो. दुसऱ्याचा हिशेब अल्लाहवर सोपवावा, आपला मात्र आजच मांडावा. अल्लाह आपल्याला हलाल कमाई आणि स्वच्छ जीभ देवो. आमीन.