मदत आणि मान

दुसऱ्यास साहाय्य करताना आपण त्याचा मान राखतो का? दूरदर्शनवर काम करून चित्रपटांकडे वळलेल्या सई परांजपे यांनी ‘स्पर्श’ (१९८०) या चित्रपटात हाच प्रश्न मांडला. अंधशाळेचा प्राचार्य अनिरुद्ध स्वतः अंध आहे. त्याला मदत चालते, कीव नको. कविता त्याच्यावर प्रेम करते, तेव्हा हा तिचा त्याग तर नव्हे ना, अशी शंका त्याला ग्रासते. देणाऱ्याला अहंकार जडतो, तसा घेणाऱ्यालाही जडू शकतो. हे केवळ पडद्यापुरते नाही. गोंदिया स्थानकाच्या पुलावर अंध प्रवासी दिसताच आपण न विचारता त्याचा हात धरतो. वाचकहो, आधी ‘सोबत येऊ का?’ एवढे विचारावे, आणि ‘नको’ म्हटल्यास रागावू नये.