कलहाचा देव आणि आपलं घर

घरात भांडण झालं की आपण म्हणतो, कुणाची तरी नजर लागली. नाहीतर म्हणतो, नवी सून आली आणि घर फुटलं. कलह नेहमी बाहेरून येतो आणि उंबऱ्याच्या आतले सगळे निर्मळ, ही आपली मोठी सोयीची समजूत. म्हणूनच मायकेल मूरकॉक या इंग्रज लेखकाने कल्पनेतून उभा केलेला एक देव मला विचारात पाडतो. त्याचं नाव एरिओक.

मूरकॉकच्या कथांत विश्व एक नाही, असंख्य आहेत. त्या सगळ्यांत नियम आणि अनागोंदी या दोन शक्तींची झुंज चाललेली असते. नियमाची खूण म्हणजे सरळ वर जाणारा एक बाण. अनागोंदीची खूण म्हणजे एका मध्यातून आठ दिशांना सुटलेले आठ बाण. दोघांच्याही वर एक तराजू. एरिओक हा अनागोंदीचा अधिपती. पण तो शिंगं-सुळे असलेला राक्षस म्हणून समोर येत नाही. 1972 च्या ‘एल्रिक ऑफ मेलनिबोने’ या कादंबरीत तो आधी माशी होऊन येतो आणि मग देखणा तरुण होतो. डोळे मात्र फार जुने. आणि तो आपणहून आलेला नसतो, एल्रिक राजाने त्याला हाक मारलेली असते.

हा एल्रिक जन्माचा अशक्त, औषधी वनस्पतींवर कसाबसा उभा राहणारा. त्याच्या हाती स्टॉर्मब्रिंगर नावाची काळी तलवार येते. ती ज्याला मारते त्याचा आत्मा पिते आणि त्यातलं बळ धन्याला देते. 1961 साली छापलेल्या पहिल्याच एल्रिक-कथेत त्याची प्रेयसी याच तलवारीने मरते. पुढे जग अनागोंदीतून सोडवायला त्याला एक शिंग फुंकायचं असतं. अंगात तेवढं बळ नसतं, म्हणून तो आपल्या जिवाभावाच्या सोबत्याचा जीव घेतो. नवं जग जन्मतं, आभाळात तराजू दिसतो. आणि मग तलवार धन्यालाच मारून निघून जाते.

कलहाचं हत्यार वापरून घडी बसवता येते का? गोष्ट म्हणते, येते. पण हत्यार मागे उरतं. हे कळायला आपल्याला दुसऱ्या विश्वात जायला नको. धाकटीचं थोरलीला आणि थोरलीचं धाकटीला सांगून दोघींना मुठीत ठेवणाऱ्या घरात वरवर किती शांतता असते! पण चहाड्यांवर बसवलेली घडी चहाड्यांवाचून टिकत नाही. पुढे त्याच चहाड्या सांगणारीच्याच अंगावर येतात.

इथपर्यंत सोपं आहे. अवघड पुढे आहे, कारण मूरकॉक नियमालाही निष्पाप म्हणत नाही. अनागोंदीच जिंकली तर सगळं विरघळून जातं, आणि नियमच जिंकला तर सगळं गोठतं, नवं काही उगवत नाही. आता आपल्याकडची हक्कसोडपत्रं आठवा. हिंदू वारसा कायदा जैनांनाही लागू आहे. 2005 च्या दुरुस्तीने वडिलार्जित मालमत्तेत मुलीला मुलाइतकाच जन्मापासूनचा वाटा दिला. तरी किती बहिणी कचेरीत जाऊन मुकाट सही करून येतात. का, तर भावाशी वाईटपणा नको, माहेर तुटायला नको. जी सही करते ती गुणाची, जी विचारते ती कळलावी. म्हणजे एकीच्या गप्प बसण्यालाच आपण घरची शांतता म्हणतो.

मग कलह माजवणारी कोण आणि खरं बोलणारी कोण, हे ओळखायचं कसं? मला एक खूण सापडते. किंमत कोण मोजतं ते बघा. एल्रिक एरिओकला नैवेद्य दाखवतो तो दुसऱ्यांच्या आत्म्यांचा. वाटा मागणारी बहीण तोटा पत्करते तो स्वतःचा: दिवाळीचं बोलावणं, भाचरांची माया, चारचौघींतलं नाव. जिला आपल्या पदराचं काही घालवावं लागत नाही आणि तरी आग लागलेली हवी असते, तिच्यापाशी एरिओक बसलाय असं समजावं. मग ती वाटा मागणारी का असेना.

यावर कुणी म्हणेल, भावाने पंधरा वर्षं आईचं अंथरुणावरचं सगळं केलं, त्याचं काय? बरोबर आहे. तेही खरं आणि बहिणीचा वाटाही खरा. आपल्या स्याद्वादातला ‘स्यात्’ म्हणजे ‘कदाचित’ नव्हे. ‘अमुक एका अपेक्षेने’ असा त्याचा अर्थ. सेवेच्या अपेक्षेने भावाचं देणं जास्त, जन्माच्या अपेक्षेने दोघं सारखी. अपेक्षा सांगितली की विरोध बोलता येण्याजोगा होतो. ती पुसून टाकली की दोन खऱ्या गोष्टी एकमेकींच्या उरावर बसतात. एरिओकचं काम तिथेच होतं.

पण अनेकान्ताचं नाव घेऊन ‘दोघांचंही बरोबर, आता गप्प बसा’ म्हणणं हीही लबाडीच. दोन्ही बाजू खऱ्या म्हटल्या तर त्या दोन्ही ऐकाव्या लागतात, कागदावर मांडाव्या लागतात, सेवेचं मोल काय आणि वाट्याचं काय ते बसून ठरवावं लागतं. त्यात आवाज चढेल, कुणी रडेल. चालेल. दशलक्षण पर्वानंतर आपण एकमेकींची क्षमा मागतो. ती मागण्याआधी कशाची क्षमा, हे निदान एकदा घरात मोठ्याने बोललं गेलेलं असावं.